चेंग पेई-पेईची दोन रूपं

रविवार, रात्र

आज ‘कम ड्रिंक विथ मी’ हा हाँगकाँगचा जुना तलवारबाजीचा चित्रपट पुन्हा पाहिला. खानावळीतला प्रसंग तर मागे नेऊन नेऊन पाहिला. पुरुषवेशातली नायिका गोल्डन स्वॅलो, म्हणजे अभिनेत्री चेंग पेई-पेई, एकटीच बसलेली, भोवती डाकूंचा घोळका, आणि ही निवांतपणे मद्य मागवते. ते डिवचतात तरी ती उठत नाही. हात तेवढा हलतो, आणि समोरच्याला कळून चुकतं की गाठ कुणाशी आहे. पुढच्या हाणामारीपेक्षा मला तिची ती ताठ, शांत पाठच जास्त आवडते.

ती पाठ नर्तकीची आहे. चेंग पेई-पेई मूळची शांघायची, जन्म १९४६ चा. तिथे बॅले शिकली, मग हाँगकाँगला येऊन शॉ ब्रदर्सच्या स्टुडिओत दाखल झाली. १९६६ साली हा चित्रपट आला तेव्हा जेमतेम वीस वर्षांची होती. दिग्दर्शक किंग हू यांना तिच्यातली नर्तकीच हवी होती. दोन्ही हातांत आखूड तलवारी घेऊन ती लढते तेव्हा गिरकी, थांबा, पुन्हा गिरकी असा ताल स्पष्ट दिसतो. जोर दाखवायची तिला गरजच पडत नाही.

मग १९६८ मध्ये चांग चेह यांचा ‘गोल्डन स्वॅलो’ आला. नाव तिच्या पात्राचं, पण चित्रपट नायक जिमी वँग यूचा! तलवार त्याची, रक्त त्याचं, शोकांतिकाही त्याचीच. ती दोन पुरुषांच्या मध्ये उभी. याचा मला दर वेळी संताप येतो. त्यानंतरच्या काळात हाँगकाँगचा पडदा हळूहळू पुरुषांनीच व्यापला. १९७१ च्या ‘द लेडी हर्मिट’मध्ये मात्र ती गुरू आहे, एका तरुण मुलीला विद्या देणारी. पुढे लग्न, कॅलिफोर्निया, संसार.

आणि २००० साली अँग ली यांच्या ‘क्राउचिंग टायगर, हिडन ड्रॅगन’मधली जेड फॉक्स. सगळे तिला खलनायिका म्हणतात, मला ते पटत नाही. वुदांग या युद्धकलेच्या पंथातल्या गुरूने तिला शय्येवर घेतलं, विद्या मात्र दिली नाही. तिने ग्रंथ चोरला, पण अक्षरओळख नसल्याने चित्रांवरूनच शिकली. जिला पोटच्या पोरीसारखं घडवलं, ती शिष्या जेन तोच ग्रंथ वाचून गुपचूप पुढे निघून गेली. पन्नाशी ओलांडलेल्या चेंग पेई-पेईने हा सल नुसत्या डोळ्यांतून दाखवलाय. ज्या बाईने तरुणपणी पडद्यावर तलवार आपली करून दाखवली, तिनेच विद्या नाकारलेल्या बाईचं दुःख साकारावं!

जुलै २०२४ मध्ये ती गेली. मेंदूच्या आजाराने शेवटची वर्षं जखडून टाकली होती. इतकं डौलदार शरीर, आणि त्याच्या वाट्याला हे यावं, हे अजून मनाला पटत नाही.

जेड फॉक्सचा शेवटही आज नीट पाहिला. मरताना ती सांगते, विष जेनसाठी होतं. आणि त्याच श्वासात तिला आपलं एकमेव माणूस म्हणते. नायक ली मू बाई त्याच विषाने शेजारीच मरणाच्या दारात आहे, पण माझे डोळे भरून आले ते हिच्यासाठी.