तुम्ही विचारलंत म्हणून: यमन शिकवताना तमिळ गाणं का?

"बाई, क्लासमध्ये यमन राग चाललाय आणि तुम्ही तमिळ सिनेमातलं गाणं कसं लावता?" मुलींचे पालक हे नेहमी विचारतात. ते गाणं म्हणजे १९९१च्या 'दळपती'मधलं 'सुंदरी कण्णाल ओरु सेदि'. इळैयराजांचं संगीत, वालींचे शब्द, एस. पी. बालसुब्रह्मण्यम आणि एस. जानकी यांचे आवाज.

पहिलं कारण सोपं आहे. या गाण्याचा राग कल्याणी, म्हणजे कर्नाटक (दाक्षिणात्य) संगीतातला जवळजवळ आपला यमनच. आपण आरोहात बरेचदा सा आणि प टाळून 'नि रे ग' असे निघतो; कल्याणी ते सूर मोकळेपणाने घेते. हा फरक फळ्यावर लिहून कळत नाही, कानाने कळतो.

पण मी ते लावते ते वाद्यवृंदासाठी. कर्नाटक गायनात खाली तंबोरा असतो आणि वर एकच सुरावट. स्वर गमकात, म्हणजे आंदोलनात, हेलकावत असतो. पाश्चात्त्य कॉर्डला, म्हणजे एकाच वेळी वाजणाऱ्या तीन-चार स्वरांना, मात्र स्वर जागच्या जागी लागतो. हे दोन्ही एकत्र आणताना बहुधा रागाचाच बळी जातो: चाल रागात बांधायची आणि वरून व्हायोलिनं ओतायची. इळैयराजांनी कल्याणीच्या पोटातूनच कॉर्ड काढले. रे आणि ध यांच्यामध्ये शुद्ध मध्यम वाजवला तर काहीसा उदास मायनर कॉर्ड बनतो, यमनमधला तीव्र (चढा) मध्यम वाजवला तर उजळ मेजर. यमनला उजेड कुठून येतो, हे माझ्या मुलींना त्या एका कॉर्डवर समजतं! पेटीवर तिन्ही पट्ट्या एकदम दाबून बघा.

आणि गाण्यात नायक युद्धावर जातो, नायिका वाट बघते. युद्ध सगळं वाद्यांकडे दिलंय. ती थांबतात आणि जानकीबाईंचा आवाज येतो, तेव्हा राग जिथे सोडला होता तिथेच असतो. हे मला फार मोठं वाटतं.

हे गाणं ध्वनिमुद्रित झालं आपल्या मुंबईत, तिथल्या वादकांना घेऊन. आणि त्याच चित्रपटात मिताली बॅनर्जींनी गायलेलं 'यमुनै आट्रिले' आहे, यमन कल्याणच्या अंगाचं, अगदी छोटंसं. पुढच्या आठवड्यात मुलींना ते ऐकवणार आहे. तुम्हीही बसा.