मॅटिंग्लीला रुबेला झालाच नाही, तरीही…

२०१८ च्या नोव्हेंबरात गोवर-रुबेला लसीकरणाची मोहीम राज्यभर सुरू झाली, तेव्हा नाशिकच्या शाळांतूनही पोरं अंगठ्याच्या नखावर मार्करची खूण मिरवत घरी आली. 'गोवर कळला, पण हे रुबेला काय नवीन?' हा प्रश्न तेव्हा घरोघरी होता. गरोदर बाईच्या पोटातल्या बाळाला असलेला धोका हे त्याचं खरं उत्तर. पण याच किरकोळ वाटणाऱ्या आजारामुळे १९७० मध्ये केन मॅटिंग्ली हा अंतराळवीर ऐन वेळी चंद्राकडे निघालेल्या अपोलो-१३ मधून उतरवला गेला. 'त्याला काही झालंच नाही, उगाच काढला' असं सर्रास बोललं जातं. ते पटत नाही.

पंचवटीतल्या वाड्यात एका पोराला कांजिण्या आल्या की शेजारची आई पहिल्यांदा कॅलेंडर बघते : आपल्याकडच्याची परीक्षा कधी? नासाच्या डॉक्टरांनी वेगळं काही केलं नाही. राखीव चमूतला चार्ली ड्यूक एका मित्राच्या मुलाकडून रुबेला घेऊन आला. मुख्य आणि राखीव चमू एकत्र सराव करत, म्हणजे सगळ्यांचाच संपर्क आलेला. रक्ततपासणीत मुख्य चमूतल्या लॉवेल आणि हेझ यांना प्रतिकारशक्ती असल्याचं दिसलं, तिसऱ्या मॅटिंग्लीला नव्हती. अमेरिकेत रुबेलाची लस आदल्याच वर्षी, १९६९ मध्ये, मंजूर झाली होती.

आता हिशेब. ड्यूक ५ एप्रिलच्या सुमारास आजारी पडला. पुरळ उठण्याआधी आठवडाभर रोगी दुसऱ्याला लागण देऊ शकतो, आणि लागणीपासून लक्षणांपर्यंत साधारण १४ ते २१ दिवस जातात. २९ मार्च ते ५ एप्रिल हा संपर्काचा काळ धरला, तर धोक्याचे दिवस येतात १२ ते २६ एप्रिल. उड्डाण ११ तारखेला, मोहीम दहा दिवसांची. जवळपास सगळी मोहीम त्या खिडकीत बसते.

शिवाय मॅटिंग्लीचं काम बघा. तो कमांड मॉड्यूलचा, म्हणजे चंद्राभोवती फिरत राहणाऱ्या मुख्य यानाचा, चालक. दोघे चंद्रावर उतरल्यावर सुमारे दीड दिवस हा वर कक्षेत एकटा, आणि चांद्रयान परत आलं की जोडणीच्या वेळी तो तल्लख हवा. पुरळाने काही बिघडत नाही, पण ताप, डोकेदुखी, सांधेदुखी नेमकी त्या तासांत आली तर? आपल्या ओझरला बनणारं सुखोई उडवणाऱ्या वैमानिकालाही नाक चोंदलेलं असताना कोणी वर जाऊ देत नाही. दाब बदलला की कानाचा पडदा जाऊ शकतो. अपोलो-७ ला तिघांनाही सर्दी झाली होती. परतताना शिरस्त्राण घातलं तर नाक शिंकरता येणार नाही, म्हणून कमांडर वॉली शिरा आणि मंडळींनी ते घालायला चक्क नकार दिला. अपोलो-९ चं उड्डाण सर्दीपायी तीन दिवस पुढे गेलं.

बदली करायची तर अख्खा चमू बदलण्याची पद्धत होती, कारण तिघांना एकमेकांचा आवाज, हाताची लय अंगवळणी पडलेली असते. इथे ते शक्यच नव्हतं. राखीव चमूत ड्यूक स्वतःच आजारी. मग राखीव चमूतल्या एकट्या जॅक स्वायगर्टला घेतलं. लॉवेल आणि हेझबरोबर त्याला सिम्युलेटरमध्ये घासून बघितलं आणि उड्डाणाच्या आदल्या दिवशी शिक्कामोर्तब झालं. चांद्रयानाच्या पायावरच्या पाटीवर मॅटिंग्लीचं नाव कोरलेलं होतं, म्हणून स्वायगर्टच्या नावाची दुसरी पाटी बरोबर दिली, वरून बसवायला. ती कधी बसलीच नाही.

पुढे वाटेत यानातली ऑक्सिजनची टाकी फुटली आणि चंद्रावर न उतरताच परतावं लागलं, त्याचा या बदलीशी काडीचा संबंध नाही. दोष टाकीच्या हीटरच्या थर्मोस्टॅटमध्ये होता : तो २८ व्होल्टचा, आणि जमिनीवर त्याला ६५ व्होल्ट दिले गेले. आणि आजारी पडला तो प्रतिकारशक्ती असलेला हेझ! पाणी माणशी दिवसाला जेमतेम २०० मिलीलिटर, कॅबिनमध्ये फ्रिजसारखी थंडी. मूत्रमार्गाचा संसर्ग झाला आणि ताप चढला.

सोव्हिएत रशियात १९७१ मध्ये याच्या उलट घडलं. सोयूझ-११ च्या कुबासोव्हच्या एक्स-रेत फुप्फुसावर डाग दिसला, क्षयाची शंका आली आणि सगळा चमूच बदलला. बदलीवर गेलेले तिघे ३० जूनला परतताना दगावले. यानाचे भाग सुटे होताना हवेची झडप उघडली आणि कॅबिनमधली हवा निघून गेली. तिघांना दाबपोशाख घालायला आत जागाच नव्हती. कुबासोव्हला क्षय नव्हता. पण एक्स-रे बघणाऱ्या डॉक्टरला झडपेचं भाकीत कुठून करता येणार?

अपोलो-१४ पासून उड्डाणाआधी २१ दिवस चमूला वेगळं ठेवायला सुरुवात झाली. वरचा आकडा आठवला ना? चमूच्या जवळ जायला मोजक्याच, तपासलेल्या माणसांना परवानगी, आणि लहान मुलं लांब. हल्ली आंतरराष्ट्रीय अवकाश स्थानकावर जाणाऱ्यांना साधारण दोन आठवडे पुरतात. मात्र उड्डाण लांबलं की विलगीकरणही लांबतं. शुभांशु शुक्लांचा चमू २५ मे २०२५ ला विलगीकरणात गेला. रॉकेटमधली ऑक्सिजनची गळती, मग स्थानकाच्या रशियन भागातली गळती; उड्डाण झालं २५ जूनला.

ड्यूक आणि मॅटिंग्ली १९७२ च्या एप्रिलमध्ये अपोलो-१६ मधून एकत्रच चंद्राकडे गेले. त्याच वर्षी जानेवारीत ड्यूक न्यूमोनियाने रुग्णालयात होता. तांत्रिक कारणांनी ते उड्डाण मार्चमधून एप्रिलवर ढकललं गेलं, त्यामुळे त्याची जागा वाचली.