पेडण्याहून पर्वरीच्या हायकोर्टात, एका पाकिटासकट

वहिनींना सरपंचपदावरून दूर केल्याचा आदेश आला तेव्हा वाड्यावर सगळ्यांचं एकच, "पणजीला जा, हायकोर्टात." वकिलांनी फोनवर "कोर्टातच भेटा" एवढंच सांगितलं होतं. आम्ही फाइल घेऊन पणजीतल्या आल्तिनोची चढण चढलो, आणि लिसेवच्या, म्हणजे जुन्या कोर्टाच्या, आवारात कळलं की कोर्ट २०२१ सालीच पर्वरीला गेलंय. अर्धा दिवस फुकट. आमच्या गावात अजून निम्मे लोक आल्तिनोच सांगतात, त्यांचं ऐकू नका.

पेडण्याहून येणाऱ्यांनी म्हापशाला बस बदलायची आणि पर्वरीला उतरायचं, मांडवी ओलांडायचीच नाही. म्हापसा-पणजी शटलमध्ये बसू नका, ती मध्ये थांबत नाही. साधी लोकल धरा. आम्ही गेलो तेव्हा उड्डाणपुलाच्या कामामुळे पर्वरीत गाड्या मुंगीच्या पावलांनी चालल्या होत्या, म्हणून तासभर हाताशी ठेवा. स्टॉपवरून मी पायलटच्या, म्हणजे मोटारसायकल-टॅक्सीवाल्याच्या, मागे बसलो, मांडीवर फाइल. वहिनी रिक्षाने आल्या. त्यांनी शहाणपणा केला, वाऱ्याने माझे दोन कागद उडाले.

कोर्ट साडेदहाला बसतं. आमचं मॅटर बोर्डावर, म्हणजे त्या दिवसाच्या यादीत, ४१वं होतं, म्हणजे जेवणाच्या सुट्टीआधी आशा नाही. त्या चार तासांत व्हरांड्यात वकिलांनी जे सांगितलं ते मला गावातच कळायला हवं होतं.

सरपंच दोन वाटांनी जातो. पंचांनी अविश्वास ठराव मंजूर करून त्याला पाडलं, तर कोर्ट सहसा हात घालत नाही: सभा नीट बोलावली का, मतं नीट मोजली का, एवढंच बघतं. पंचांचा विश्वास का उडाला हे कोर्ट विचारत नाही. पण वरून आदेश काढून निवडून आलेल्या माणसाला हटवलं, तर कोर्ट बारकाईने बघतं. रिट याचिका हे काही अपील नव्हे. खरं कोण, खोटं कोण, याचा निवाडा तिथे होत नाही. अधिकार होता का, म्हणणं मांडायची संधी दिली का, आदेशात कारणं आहेत का, आणि चुकीच्या मानाने शिक्षा फार मोठी तर नाही ना, हे तपासतात. दुसरीकडे अपील करायची सोय असेल तर "आधी तिकडे का गेला नाहीत?" हा प्रश्न येतोच, उत्तर तयार ठेवा.

जळगावातल्या विचखेड्याच्या महिला सरपंचांचं पद सप्टेंबर २०२४मध्ये सुप्रीम कोर्टाने परत दिलं, त्याची गोष्ट वहिनींनी दोनदा सांगायला लावली. सरकारी जागेवरच्या घरात राहतात, असा आरोप होता. लोकांनी निवडून दिलेल्या बाईला इतक्या सहज काढता येत नाही, असा त्या निकालाचा सूर. त्याच वर्षी नोव्हेंबरात छत्तीसगडच्या एका तरुण सरपंच बाईंच्या प्रकरणात तर सरकारला एक लाखाचा दंड बसला. दोन्हीकडे बाईच, हे वहिनींच्या लगेच लक्षात आलं. मी गप्प बसलो.

आमच्या पाळीला जेमतेम पाच मिनिटं मिळाली. सगळं इंग्रजीत, तेव्हा मधे उठून बोलायला जाऊ नका. न्यायमूर्तींनी पहिलंच विचारलं: नोटीस हातात कधी पडली? वहिनींना सुनावणीची नोटीस सुनावणीच्या दुसऱ्या दिवशी मिळाली होती. मी पंचायतीची तीन वर्षांची इतिवृत्तं, रस्त्याचे फोटो, सगळं आणलं होतं. कामाला आलं ते देव्हाऱ्यामागे खोचून ठेवलेलं त्या नोटिशीचं पाकीट, ज्यावर पोस्टाचा शिक्का होता. सासूबाई ते चुलीत घालणार होत्या.

सरकारला नोटीस निघाली. नव्या सरपंचाची निवड झालीच, तर ती याचिकेच्या निकालाच्या अधीन राहील, असंही नोंदलं. पूर्ण स्थगिती मिळाली नाही. तुम्ही मात्र पहिल्याच दिवशी ती मागा: मुदत पाच वर्षांची, आणि तारखांवर तारखा पडल्या तर निकाल यायच्या आत खुर्चीच संपते.

आदेशाची प्रमाणित प्रत त्याच दिवशी मागून या, आणि डबा घरूनच न्या. पुढच्या तारखेला वहिनी उंडे आणि पातळभाजी आणणार आहेत.