टोकियोच्या मासळी बाजारात कोळीणमावशी

टोयोसूच्या मासळी बाजारात ट्यूनाचा लिलाव होतो तिथली फरशी हिरवी आहे. मांसाचा लाल रंग हिरव्यावर नीट उठून दिसतो, म्हणून. पर्यटकांना हे सांगितलं की ते मान डोलावतात, एक फोटो काढतात आणि नाश्ता कुठे आहे ते विचारतात. फेब्रुवारीतल्या त्या सकाळी मात्र मावशींनी उलट मलाच विचारलं, "मग दिवे कसले लावलेत? पिवळ्या दिव्याखाली शिळं मावरंपण ताजं दिसतं, बाय."

मी टोकियोत गाईडचं काम करते. मराठी आणि हिंदी बोलणारे पाहुणे बहुतेक माझ्याकडे येतात. 2018 च्या जानेवारीपर्यंत पैसे घेऊन गाईडचं काम करायला सरकारी परवाना लागायचा, आणि त्या परीक्षेच्या दहा परदेशी भाषांत एकही भारतीय भाषा नाही. कायदा बदलला आणि आमच्यासारख्यांना उघडपणे काम करता येऊ लागलं. पहाटेचा मासळी बाजार आणि मग तिथलंच खाणं, ही माझी सगळ्यात जास्त मागणी असलेली फेरी.

त्या दिवशी चौघं होते. मुंबईच्या एका कोळीवाड्यातल्या मावशी, त्यांचा मुलगा, सून आणि मुलाचा पुण्याचा मित्र. मावशींनी जन्मभर मासळी विकली. पहाटे ससून डॉकला जाऊन लिलावात माल घ्यायचा, पाटी भरायची आणि दुपारपर्यंत बाजारात बसायचं. हे मला टॅक्सीत कळलं. लिलाव इतक्या पहाटे असतो की ट्रेनच्या भरवशावर राहता येत नाही.

लिलाव जवळून बघायला आधी सोडतीत नाव लागावं लागतं. जागा काचेआड असते, पण काच वरपर्यंत नसल्यामुळे आवाज थेट कानावर येतो. खाली शेपट्या कापलेले ट्यूना ओळीने मांडलेले, प्रत्येकावर क्रमांक. टोपीला नंबराची पट्टी लावलेले खरेदीदार हातात बॅटरी आणि आकडी घेऊन फिरतात, शेपटीच्या कापावर उजेड टाकतात, मांसाचा कण काढून दोन बोटांत चोळतात. बोटांच्या उबेने चरबी विरघळते आणि किती आहे ते समजतं. मग घंटा वाजते, लिलाव पुकारणारा लहानशा चौरंगावर चढतो आणि एका लयीत ओरडू लागतो. बोली बोटांच्या खुणांनी लागते. एकेका माशाचा निकाल काही सेकंदांत.

बाकीचे तिघं व्हिडिओ घेत होते. मावशींचं लक्ष एका म्हाताऱ्या खरेदीदारावर होतं. "तो बघ, तीनदा त्याच माशाकडे आला. तोच घेणार, पण दाखवत नाही." त्यानेच घेतला. हे लोक नाकाओरोशी, म्हणजे लिलावात घेऊन हॉटेलवाल्यांना आणि दुकानदारांना विकणारे. मी तसं सांगितल्यावर मावशी म्हणाल्या, "म्हणजे आमचाच धंदा."

मुलाला भावाची उत्सुकता होती. 5 जानेवारी 2019 ला, टोयोसूतल्या पहिल्याच नववर्षाच्या लिलावात, आओमोरीतल्या ओमा बंदराचा 278 किलोचा ब्लूफिन ट्यूना 33 कोटी 36 लाख येनांना गेला. तो आकडा जाहिरातीचा, रोजच्या भावाचा त्याच्याशी संबंध नाही, हे मी नेहमी सांगते. मावशी मात्र कळवळून म्हणाल्या, "आमच्याकडे कुप्याला कोण विचारतं? काळं मांस म्हणून लोक पुढे जातात." आपल्या किनाऱ्यावरचा कुपा, म्हणजे आपल्याकडचा ट्यूना, लहान आणि निराळ्या जातीचा, पण त्यांचं म्हणणं इथेही लागू होतं. तोरो म्हणून आज सर्वांत महाग विकला जातो तो पोटाकडचा चरबीदार भाग एदो काळात, म्हणजे सतराव्या ते एकोणिसाव्या शतकात, फारसं कुणी खात नसे, कारण चरबी लवकर नासते. बर्फ आणि शीतपेट्या आल्यावर, आणि दुसऱ्या महायुद्धानंतर खाण्याच्या सवयी बदलल्यावर त्याला भाव आला.

टोयोसूहून त्सुकिजीला यायला टॅक्सीने थोडाच वेळ लागतो. घाऊक बाजार 1935 पासून त्सुकिजीत होता. त्याआधी तो निहोनबाशीला होता, तो 1923 च्या भूकंपात उद्ध्वस्त झाला. 2016 मध्ये टोयोसूला हलायचं ठरलं होतं, पण तिथे पूर्वी गॅसचा कारखाना असल्यामुळे जमिनीत बेन्झिनसारखी द्रव्यं सापडली आणि स्थलांतर लांबलं. 6 ऑक्टोबर 2018 ला जुना बाजार बंद झाला, 11 ला नवा उघडला. बाहेरच्या गल्ल्यांतली दुकानं मात्र त्सुकिजीतच राहिली आणि आमची खाण्याची फेरी तिथेच होते.

गल्लीत शिरण्याआधी त्सुकिजी होंगानजी हे बौद्ध मंदिर लागतं. 1934 साली पूर्ण झालेलं, वास्तुकार इतो चूता. त्यांनी 1902 ते 1905 या काळात चीन, ब्रह्मदेश, भारत, तुर्कस्तान पालथं घातलं होतं, आणि मंदिराचं दर्शनी रूप प्राचीन भारतीय बौद्ध वास्तूंवरून घेतलं. मी हे सांगायला तोंड उघडलं तोवर मावशी रस्त्याच्या कडेला थांबून हात जोडून उभ्या होत्या. "ही कमान आपल्या आईकडची." आई म्हणजे कार्ल्याची एकविरा, कोळ्यांची कुलदेवता. तिचं देऊळ कार्ल्याच्या चैत्यगृहाच्या अगदी तोंडाशी आहे, आणि वर्षानुवर्षं पालखीला जाणाऱ्या बाईने ती घोड्याच्या नालासारखी कमान किती वेळा पाहिली असेल! पर्यटकांना अजिंठ्याचा दाखला देऊन मी हेच समजावते. इथे समजवायचं काही उरलं नव्हतं. आत जाऊन आम्ही बराच वेळ बसलो, आणि त्यापुढे माझं वेळापत्रक मी बाजूला ठेवलं.

चुओ वॉर्डाने बांधलेल्या त्सुकिजी उओगाशी इमारतीत जुन्या घाऊक व्यापाऱ्यांचे गाळे आहेत. सकाळी लवकर तिथे हॉटेलवाल्यांचा मान, नंतर सर्वांसाठी खुलं. आत जाण्याआधी मी सगळ्यांना एक गोष्ट बजावते: हात लावायचा नाही. पर्यटकांच्या वागण्याला कंटाळून डिसेंबर 2008 मध्ये त्सुकिजीचा लिलाव बघणं काही काळ बंद करावं लागलं होतं. मासे हाताळायचे, डोळ्यांवर फ्लॅश मारायचे. दुसऱ्याच्या कामाच्या जागी आपण पाहुणे आहोत, हे माझ्या पाहुण्यांना पटल्याशिवाय मी पुढे जात नाही.

एका गाळ्यावर लांब, चंदेरी, ठिपक्यांचा मासा होता. मावशी थबकल्या. "सुरमई?" तो सावारा होता, सुरमईच्याच कुळातला, आणि टोकियोकडे त्याचा ऐन हंगाम थंडीत. मावशींनी हात पाठीमागे बांधले आणि मला म्हणाल्या, "कल्ले दाखव म्हणावं त्याला."

मी विक्रेत्याला विनंती केली. या बाई मुंबईला मासळी विकायच्या, हेही सांगितलं. त्याने एकवार मावशींच्या हातांकडे पाहिलं आणि बोटाने कल्ल्याचं झाकण उचललं. आत गर्द लाल. मावशींनी वाकून बघितलं, मान हलवली, मग विचारलं, "डोक्यात भोक कशाला पाडलंय?"

फेरीत असा प्रश्न मला फार क्वचित येतो. विक्रेता मागे गेला आणि एक लांब, पातळ तार घेऊन आला. जिवंत माशाच्या मेंदूत आधी टोचा मारायचा, मग त्या भोकातून ही तार मणक्यातल्या मज्जारज्जूत सरकवायची, आणि कल्ल्याजवळ व शेपटीला छेद देऊन रक्त काढून टाकायचं. त्याने तार भोकात थोडी आत घालून दाखवली आणि शेपटीकडचा छेदही दाखवला. मासा तडफडत मेला तर स्नायूंतली शक्ती आधीच खर्च होते, अंग लवकर ताठरतं आणि मांस लवकर उतरतं. एका क्षणात मारला तर ती शक्ती स्नायूंतच राहते आणि पुढे हळूहळू तिचं चवीत रूपांतर होतं. या पद्धतीला इकेजिमे म्हणतात. मी एकेक वाक्य मराठीत आणत होते. मावशींनी शेवटी एवढंच विचारलं, "बोटीवर इतका वेळ मिळतो?" विक्रेता म्हणाला, सगळ्या माशांना नाही, जे एकेक करून पकडतात त्यांनाच, आणि म्हणूनच ते महाग. "बरोबर," मावशी म्हणाल्या. "जाळ्यात आलेल्याला कोण एकेक करून मारत बसेल? आणि आमचा बोंबील तर पाण्याबाहेर आला की संपला."

त्याने सावाराचे कच्चे काप कापून दिले, कातडीची बाजू ज्योतीवर किंचित भाजून. आम्ही तिथेच उभ्या उभ्या खाल्ले. चालत खायचं नाही, ज्याच्याकडे घेतलं त्याच्याच दुकानासमोर थांबून खायचं, हा तिथला रिवाज मला फार आवडतो. विकणाऱ्याच्या डोळ्यांदेखत खाल्लं की दोन शब्द बोलले जातात.

पुण्याचा मित्र अंडं खाणारा, मासे न खाणारा. काडीला लावलेला गोडसर तामागोयाकी, म्हणजे अंड्याची गुंडाळी, बघून तो खूश झाला आणि मला त्याला थांबवावं लागलं. त्या अंड्यात दाशी नावाचं सार असतं, आणि दाशी बहुधा कात्सुओबुशीची, म्हणजे सुकवलेल्या बोनिटो माशाची. शाकाहारी पाहुण्यांना हे आधी सांगणं मला जेवण दाखवण्याइतकंच महत्त्वाचं वाटतं. त्याला मी विचारून विचारून उमेबोशीचा ओनिगिरी, म्हणजे खारवलेलं आंबट फळ घातलेला भाताचा गोळा, आणि स्ट्रॉबेरीचा दाइफुकू हा तांदळाचा गोड पदार्थ मिळवून दिला.

कात्सुओबुशीच्या दुकानात मावशी पुन्हा रमल्या. मासा उकडून, धुरी देऊन, सुकवून, वर बुरशी चढवून पुन्हा सुकवायचा. उत्तम प्रतीच्या मालाला काही महिने लागतात. दुकानदाराने दोन तुकडे एकमेकांवर आपटले, खणखणीत आवाज आला. माल पूर्ण सुकल्याची ती खूण. मावशींनी वलांडीवर, म्हणजे बांबूच्या मांडवावर, बोंबील सुकवण्याबद्दल सांगितलं. वारा कुठून हवा, मळभ आलं तर काय करायचं, पहिल्या पावसाआधी किती माल घरात यायला हवा. दुकानदार ऐकत राहिला आणि त्याने विचारलं, बुरशी आली तर? "फेकून द्यायचं," मावशी म्हणाल्या. तो मोठ्याने हसला, कारण त्याचा सगळा धंदा बुरशीवर.

नामियोके देवळात आम्ही थोडाच वेळ होतो. लाटांपासून राखणारा हा देव. 1657 च्या आगीनंतर इथे समुद्रात भराव घातला जात होता, लाटा तो टिकू देत नव्हत्या, तेव्हाची त्याची कथा आहे. आवारात कोळंबीसाठी, सुशीसाठी, अगदी अंड्यांसाठीही स्मारकशिळा आहेत. ज्यांच्यावर धंदा चालतो त्यांचे आभार मानायला त्या त्या व्यवसायातल्या लोकांनी उभारलेल्या. मावशींनी सुनेला नारळी पौर्णिमेची आठवण करून दिली आणि कोळंबीच्या शिळेपाशी नमस्कार केला.

शेवटचं सुऱ्यांचं दुकान. मावशींना देबा हवी होती, माशाचं डोकं आणि काटा तोडायची जाड पाठीची सुरी. दुकानदाराने विचारलं, उजवा हात की डावा? या सुरीला धार एकाच बाजूने असते, त्यामुळे डावखुऱ्या माणसाला उजवी सुरी चालत नाही. मावशी डावखुऱ्या. त्यांनी माझ्याकडे बघितलं. कोयता, विळी, सुरी, आयुष्यभर जे मिळालं त्यावर त्यांनी काम काढलं होतं. हात कुठला असं कुणी विचारलं नव्हतं. दुकानदाराने आतून डाव्या हाताची देबा आणली. ती उजवीपेक्षा महाग असते, हे मी सांगितलं. मावशींनी सुरी हातात धरून मनगट दोनदा फिरवलं.

"कमी करील का विचार."

इथे भाव करत नाहीत, मी म्हटलं. पण पासपोर्ट दाखवला तर पर्यटकांना 10 टक्के कर माफ होतो. मुलाने पासपोर्ट पुढे केला, दुकानदाराने नवा आकडा कॅल्क्युलेटरवर दाखवला.

"हे बघ, केलाच की कमी," मावशी म्हणाल्या, आणि पात्यावर कोरायला एकविरेचं नाव लिहून मागितलं. मी ते काताकाना या जपानी लिपीत लिहून दिलं. सुरी चेक-इन बॅगेत टाकायला विसरू नका, हे मुलाला दोनदा बजावून मी त्यांना स्टेशनवर सोडलं.