तालुक्याचं वकीलपत्र

मार्च 1995. विधानसभेचा निकाल नुकताच लागला होता आणि आम्ही नववीत होतो. नागरिकशास्त्राचे सर वर्गात आले ते पुस्तक न उघडताच फळ्याकडे वळले आणि त्यांनी एवढाच आकडा लिहिला : 192. सांगोल्यातून आबासाहेब, म्हणजे भाई गणपतराव देशमुख, तेवढ्याच मतांनी पडले होते. "आपल्या शाळेच्या पटावर याहून जास्त नावं आहेत," सर म्हणाले आणि खुर्चीत बसून राहिले. तासभर वर्गात चुळबूळसुद्धा झाली नाही.

शाळेच्या सुवर्णमहोत्सवी अंकासाठी लिहा म्हटल्यावर मला आधी तो फळाच आठवला. मी वकील झालो त्याचं मूळ त्या तासात आहे.

आबासाहेब मुळात वकील. सांगोल्यात वकिली करता करता 1962 साली शेतकरी कामगार पक्षाकडून पहिल्यांदा आमदार झाले. 1972 आणि 1995 असे दोन पराभव सोडले, तर 2014 पर्यंत तालुक्याने त्यांनाच निवडून दिलं. 1974 ची पोटनिवडणूक धरून अकरा वेळा. खांद्यावरचा लाल बावटा शेवटपर्यंत तोच. 1978 आणि 1999 मध्ये मंत्रिपदही आलं, पण गावोगावची माणसं सांगतात ती एसटीतून फिरणाऱ्या आमदाराची गोष्ट.

मला मात्र त्यांच्यातला वकील अधिक मोठा वाटतो. कृष्णेच्या पाण्याचंच पाहा. राज्याराज्यांत हे पाणी वाटून देणाऱ्या बच्छावत लवादाने महाराष्ट्राच्या वाट्याला 560 टीएमसी (अब्ज घनफूट) पाणी दिलं. त्या निवाड्याचा फेरविचार 31 मे 2000 नंतर होऊ शकणार होता, म्हणून तोवर आपलं पाणी अडवायची राज्याला घाई होती. पण त्यातलं आमच्या दुष्काळी माणदेशाला किती? नदी आमच्या उशाला नाही, पाणी उचलून आणावं लागणार, खर्च मोठा. असं असताना क्रांतिवीर नागनाथअण्णा नायकवडी आणि आबासाहेब यांनी आटपाडीच्या पाणी परिषदांतून तेरा दुष्काळी तालुक्यांची बाजू वर्षानुवर्षं लावून धरली. भाषा कायम एकच : समन्यायी वाटप, हक्काचं पाणी. टँकर मागणाऱ्याला टँकर मिळतो आणि पुढच्या उन्हाळ्यात तो पुन्हा दारात उभा राहतो. हक्क सांगणाऱ्याला वाटा द्यावा लागतो, उशिरा का होईना. टेंभू, म्हैसाळ या उपसा योजनांचं पाणी माणदेशाकडे वळलं त्यामागे हा चिवट युक्तिवाद आहे. मी आज कोर्टात उभा राहतो तेव्हा अशिलाची अडचण सांगण्याआधी त्याचा हक्क कुठल्या कलमात आहे ते शोधतो, ते इथूनच.

कापूस न पिकणाऱ्या तालुक्यात सहकारी सूतगिरणी उभी करून चालवून दाखवली, हेही त्यांचंच काम. रोजगार हमीशी जोडलेल्या फळबाग योजनेतून माळावर डाळिंब आलं. रोजगार हमी हा 1977 चा कायदा आहे, कुणाची मेहरबानी नव्हे, हे खडी फोडणाऱ्या आमच्या आयाबायांनाही ठाऊक होतं. माझ्या आईला ठाऊक होतं.

2019 ला आबासाहेब निवडणुकीतून स्वतःहून थांबले. 30 जुलै 2021 ला गेले.

1999 च्या सप्टेंबरात मी कायद्याच्या दुसऱ्या वर्षाला होतो. मतदानासाठी मुद्दाम गावी आलो. केंद्र आमच्याच शाळेत, नेमकं नववीच्या खोलीत. बोटाला शाई लावून बाहेर पडलो तर रांगेत सर उभे. वाकून नमस्कार केला. त्यांनी माझं बोट धरून शाई नीट पाहिली, मग त्या खोलीतल्या फळ्याकडे पाहिलं.

"एक कमी झालं," म्हणाले.