वजन कमी करायचंय? आधी तेलाचा कॅन आणि डाळीचा डबा मोजा

चार माणसांच्या घरात महिन्याला पाच लिटरचा तेलाचा कॅन संपणं हे आपल्याकडे अगदी नेहमीचं. आता हिशेब करा. पाच लिटर तेल म्हणजे साधारण साडेचार किलो. चार माणसं, तीस दिवस. माणशी रोज ३८ ग्रॅम तेल पोटात जातं आणि तेलाच्या प्रत्येक ग्रॅमला ९ कॅलरी, म्हणजे ३४० कॅलरी नुसत्या तेलाच्या. यात तूप, दाण्याचा कूट, खोबरं, बाहेरचा वडापाव काहीच धरलेलं नाही. हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेने २०२४ च्या आहार मार्गदर्शनात दोन हजार कॅलरींच्या जेवणासाठी तेल-तूप मिळून २७ ग्रॅम सुचवलं आहे. वजन उतरवायचं असेल तर त्याच्याही खाली यायला हवं.

कॅन निम्म्यावर आणला तर माणशी रोज १७० कॅलरी कमी होतात आणि अडीच लिटर तेलाचे पैसे हातात उरतात. त्या पैशांत डाळ, अंडी, भाजी येते. कमी पैशांत वजन कमी करण्याचं सगळं गणित याच अदलाबदलीत आहे. ओट्स, ग्रीन टी, ऑलिव्ह ऑइल, प्रोटीन पावडर यांतलं काहीही लागत नाही. कमी करायच्या वस्तू पाच: तेल, साखर, बिस्किटं-खारी, फरसाण, साबुदाणा. वाढवायच्या तीन: डाळी-कडधान्यं, भाजी आणि चालत असतील तर अंडी.

तेल मोजायची पद्धत सोपी आहे. महिन्याच्या सुरुवातीला स्वयंपाकासाठी वेगळी बाटली ठेवा आणि आठवड्याचं तेल एकदाच तिच्यात काढा. चार माणसांसाठी ६०० मिली. पाचव्या दिवशी बाटली रिकामी झाली तर नेमकं कुठे जास्त गेलं ते लगेच कळतं, महिनाअखेरीची वाट बघावी लागत नाही. धारेने तेल ओतणं बंद करा, पाच मिलीचा चमचा वापरा. पिशवीवरचे ग्रॅमही वाचा. दिसायला सारख्या दोन पिशव्यांत एकीत ९१० आणि दुसरीत ८५० ग्रॅम तेल असू शकतं.

चार माणसांच्या भाजीला चार चमचे, म्हणजे २० मिली, तेल पुरतं. पण फोडणीची रीत थोडी बदलावी लागते, नाहीतर मसाला जळतो आणि दुसऱ्याच दिवशी घरातले म्हणतात, जुनंच बरं होतं. पसरट कढईत थोडं तेल एका बाजूला जमा होत नाही, सगळीकडे पातळ पसरतं आणि मोहरी तडतडायच्या आत करपते. म्हणून लहान, खोलगट लोखंडी कढई घ्या आणि ती किंचित कलती धरून तेल एका कडेला आणा. मोहरी पूर्ण तडतडली की जिरं, हिंग, कढीपत्ता. मग कांदा आणि लगेच चिमूटभर मीठ. मिठाने कांद्याला पाणी सुटतं आणि तो तेलाविना मऊ होतो. हळद-तिखट थेट तेलात टाकू नका, दोन चमचे पाण्यात कालवून घाला. झाकणावर पाणी ठेवून वाफ काढा. रश्शावर लाल तवंग येणार नाही, हे खरं. रंग हवा असेल तर काश्मिरी मिरचीची पूड वापरा.

आता भाकरी. पोळी सोडून ज्वारीची भाकरी धरली की वजन उतरतं, असं सगळीकडे सांगतात. ज्वारी चांगलीच आहे, तंतू जास्त, पोट जास्त वेळ भरलेलं राहतं. पण ज्वारी, बाजरी, गहू, तांदूळ या सगळ्यांत कोरड्या १०० ग्रॅमला साधारण ३२० ते ३६० कॅलरी असतात. फरक पडतो तो पिठाच्या वजनाने. घरातली पातळ पोळी ३० ग्रॅम पिठाची, म्हणजे शंभरेक कॅलरी. हातावर थापलेली जाड भाकरी ७० ते ८० ग्रॅमची, म्हणजे अडीचशेच्या आसपास. दोन पोळ्यांच्या जागी दोन भाकरी खाल्ल्या तर वजन वाढणार, कमी होणार नाही. भाकरीचा खरा फायदा असा की तिला तेल लागत नाही. एका वेळी एकच खा आणि तिच्यावर तुपाची धार धरू नका. घरी सायीपासून काढलेल्या तुपाला पैसे पडत नाहीत, पण कॅलरी विकतच्या तुपाइतक्याच असतात.

वजनकाटा विकत घ्यायची गरज नाही. घरातली रोजच्या वापराची वाटी घेऊन वाण्याकडे जा आणि त्याच्या काट्यावर ती एकदा सपाट भरून पीठ, तांदूळ, तूरडाळ, मटकी असं एकेक तोलून घ्या. आकडे स्वयंपाकघरात चिकटवून ठेवा. पुढे कायम वाटीनेच मोजता येतं.

प्राधान्य कुटुंबाचं रेशनकार्ड असेल तर माणशी महिन्याला पाच किलो धान्य मोफत मिळतं. रोजचं ते १६६ ग्रॅम झालं. वजन उतरवणाऱ्या माणसाला दिवसाला तेवढंच धान्य पुरतं: एक भाकरी आणि तीन पोळ्या. म्हणजे ज्यांच्याकडे हे कार्ड आहे त्यांनी धान्यावर वेगळा खर्च न करता किराण्याचे पैसे डाळीकडे वळवावेत. रेशनचा तांदूळ वर्ज्य नाही. पोळ्यांऐवजी भात खायचा तर ९० ग्रॅम कच्चा तांदूळ धरा, शिजून तो जवळपास तिप्पट होतो.

डाळीबाबत सर्वांत मोठी गफलत पातळ वरणाची. ताटात वाटीभर वरण दिसतं, पण चार माणसांत मूठभर डाळ शिजवून पाणी वाढवलेलं असेल तर एकाच्या वाट्याला १५ ग्रॅम कोरडी डाळ येते. त्यात प्रथिनं जेमतेम तीन ग्रॅम. मग दोन तासांत भूक लागते आणि हात फरसाणाच्या डब्याकडे जातो. प्रथिनं पोट भरलेलं ठेवतात आणि वजन उतरताना स्नायू झिजू देत नाहीत. माणशी एका वेळी ३५ ग्रॅम कोरडी डाळ धरा, चौघांना १४० ग्रॅम. वरण पळीवाढं झालं पाहिजे, ताटात पळू नये.

कुठली वस्तू स्वस्त, हे किलोच्या भावावर ठरवू नका, दहा ग्रॅम प्रथिनांना किती पैसे पडतात ते बघा. तूरडाळ १४० रुपये किलो धरली तर किलोत सुमारे २२० ग्रॅम प्रथिनं, म्हणजे दहा ग्रॅमला सव्वासहा रुपये. अंडं सात रुपयांना, त्यात सहा ग्रॅम, म्हणजे बाराच्या आसपास. पनीर ४०० रुपये किलो असेल तर बावीस. सोयाबीनच्या वड्या १५० रुपये किलो धरल्या तरी शंभर ग्रॅमला ५२ ग्रॅम प्रथिनं असल्यामुळे तीन रुपयांच्या आत. तुमच्या गावचे दर घालून हेच गणित करा, क्रम फारसा बदलत नाही. शेंगदाणेही स्वस्तात बसतात, पण त्यांत दहा ग्रॅम प्रथिनांमागे सव्वादोनशे कॅलरी येतात, सोयावड्यांत पासष्टच्या आसपास. प्रत्येक भाजीत कूट घालायची आपली सवय इथे अंगाशी येते. दहा ग्रॅम कूट म्हणजे ५५ कॅलरी. भेंडी, दोडका, कोशिंबीर मिळून दिवसाला माणशी दोन चमचे, एवढ्यावर थांबा.

सोयावड्या घरात चालत नाहीत त्या वासामुळे, आणि वास राहतो तो घाईमुळे. मीठ घातलेल्या उकळत्या पाण्यात दहा मिनिटं ठेवा, गार पाण्यात टाकून घट्ट पिळा, मग पुन्हा स्वच्छ पाणी घेऊन पिळा. फेस येईनासा होईपर्यंत. मग आलं-लसूण, थोडं ताक आणि तिखट चोळून पंधरा मिनिटं मुरू द्या. माणशी २५ ग्रॅम कोरड्या वड्या पुरतात. पहिल्याच दिवशी जास्त खाल्ल्या तर पोट फुगतं.

मटकीला मोड आणताना ती आठ-दहा तास भिजवा, पाणी पूर्ण निथळू द्या आणि ओल्या फडक्यात बांधून ठेवा. उन्हाळ्यात दहा-बारा तास, थंडीत चोवीस. पाणी राहिलं तर मटकी चिकट होते आणि आंबूस वास येतो. अशी मटकी टाकून द्या. मोड आल्यावर वाटी भरलेली दिसते, पण प्रथिनं मूळच्या कोरड्या मटकीइतकीच असतात, म्हणून हिशेब कोरड्या वजनाचाच ठेवा. हुलगा, म्हणजे कोकणातला कुळीथ, यात फार कामाचा. दोघांना चार मोठे चमचे कुळथाचं पीठ, लसणाची फोडणी, दोन आमसुलं. पंधरा मिनिटांत पिठलं तयार होतं आणि बेसनाच्या पिठल्यापेक्षा तेल कमी लागतं. सुकट आणि जवळाही प्रथिनांना उत्तम, फक्त मीठ भरपूर असतं. दोन-तीन पाण्यांत धुऊन घ्या आणि त्या जेवणात वरून मीठ घालू नका. रक्तदाब असेल तर टाळाच.

चहाचं थोडक्यात. दिवसाला चार कप, कपाला दोन चमचे साखर, म्हणजे ४० ग्रॅम, १६० कॅलरी, महिन्याला सव्वा किलो साखर एका माणसाची. दोन कप आणि कपाला एक चमचा यावर या. गूळ घातला तरी कॅलरी जवळपास तितक्याच. चहाबरोबरची खारी आणि बिस्किटं किराणा यादीतूनच काढा. डब्यात असली की खाल्ली जातात. संध्याकाळच्या भुकेला ३० ग्रॅम फुटाणे, सालासकट, आणि वर पाणी.

उपवासाने वजन उतरतं असं वाटतं, पण साबुदाण्याची खिचडी करून बघा: ६० ग्रॅम साबुदाणा, २५ ग्रॅम कूट, मोठा चमचाभर तूप, अर्धा बटाटा. पाचशे कॅलरी झाल्या, आणि साबुदाण्यात प्रथिनं नावालाही नाहीत. उपास करायचाच असेल तर ५० ग्रॅम वरईचा भात, दाण्याची पातळ आमटी, काकडीची कोशिंबीर आणि ताक.

भाजी रोज ३०० ते ४०० ग्रॅम पोटात जायला हवी आणि इथे महाग-स्वस्त हा प्रश्न पूर्णपणे हंगामाचा. कोबी, दुधी, मुळा, लाल माठ, चवळई, शेपू, शेवग्याचा पाला. आठवडी बाजारात शेवटच्या तासाला पालेभाजीचे भाव उतरतात, कारण विक्रेत्याला ती परत न्यायची नसते. पण पालेभाजी दोन दिवसांचीच घ्या. चार जुड्या स्वस्तात आणून दोन सडल्या तर फायदा कुठला? मुळे खुडून, न धुता, कागदात गुंडाळून ठेवली तर टिकते. ऐन पावसाळ्यात पालेभाजी महागली की कोबी-दुधीवर या. दुधी चिरताना कच्चा तुकडा जिभेला लावून बघाच. कडू लागला तर अख्खा फेका. कडू दुधीने जिवावर बेतू शकतं, रस काढून तर मुळीच पिऊ नका.

या सगळ्याचा एक दिवस असा बसतो. सकाळी चहा, ४० ग्रॅम मटकीची उसळ, एक पोळी. दुपारी एक भाकरी, पालेभाजी, ३५ ग्रॅम डाळीचं घट्ट वरण, कांदा, पातळ ताक. संध्याकाळी चहा, फुटाणे. रात्री दोन पोळ्या, सोयावड्यांचा रस्सा, दुधीची भाजी. दिवसाला चार चमचे तेल. साधारण १४०० ते १५०० कॅलरी आणि साठ ग्रॅमच्या आसपास प्रथिनं. महिन्याची माणशी यादी: पाच किलो धान्य, चार किलो डाळी-कडधान्यं (फुटाणे आणि सोयावड्या धरून), ६०० मिली तेल, अर्धा किलोच्या आत साखर, दहा-बारा किलो भाजी. उंच किंवा अंगमेहनतीचं काम करणाऱ्याने यात एक भाकरी आणि एक अंडं वाढवावं. घरातल्या वाढत्या मुलांना हे माप लावू नका, त्यांना भाकरी, दूध, दाणे हवे तेवढे द्या. भांडं सगळ्यांचं एकच, माप फक्त वजन उतरवणाऱ्याच्या ताटाला.

हे माप घरातली बाई पाळायला जाते तेव्हा एक जागा हमखास नडते. ती शेवटी जेवते आणि उरलेलं वाया जाऊ नये म्हणून संपवते. दीड पोळी, पळीभर भात, मुलांच्या ताटातला बटाटा, असं मिळून रोज दोनशे-तीनशे कॅलरी सहज होतात आणि त्या कुठल्याच हिशेबात येत नाहीत. त्यामुळे तिचं ताट आधी वाढून बाजूला झाकून ठेवा. पोळ्या मोजून लाटा, कणीक उरली तर डब्यात घालून फ्रिजमध्ये ठेवा. शिळ्या पोळीचा फोडणीचा कुस्करा करताना आठवड्याच्या बाटलीतलंच तेल मोजून घ्या.

स्वतःचं वजन आठवड्यातून एकदा, सकाळी पोट साफ झाल्यावर, दर वेळी एकाच काट्यावर करा. पहिल्या आठवड्यात दीड-दोन किलो उतरलं तर त्यात बहुतेक पाणी असतं. नंतर आठवड्याला पाव ते अर्धा किलो हा वेग योग्य. महिनाभर काटा हललाच नाही तर आधी तेलाची बाटली तपासा, मग अर्धी भाकरी कमी करा. डाळ कमी करू नका. मधुमेहाच्या गोळ्या किंवा इन्सुलिन चालू असेल तर जेवण कमी करण्याआधी डॉक्टरांना विचारा, कारण औषध तेवढंच राहून खाणं घटलं तर साखर एकदम खाली जाते. मूत्रपिंडाचा आजार असेल तर प्रथिनांचं माप डॉक्टरच ठरवतील. गरोदर आणि अंगावर पाजणाऱ्या बायकांनी यातलं तेल-साखरेचं तेवढं घ्यावं, बाकी पोटभर जेवावं.