हदीसचा नंबर सांगा म्हणे! (माझा अनुभव)

व्हॉट्सॲपवर फिरणाऱ्या हदीसखाली (पैगंबरांच्या उक्ती-कृतीची नोंद) नुसतं 'सहीह मुस्लिम', म्हणजे इमाम मुस्लिम यांच्या हदीससंग्रहाचं नाव, आणि एक आकडा असतो. तो घेऊन मोमिनपुऱ्यातल्या एका वाचनालयात गेलो, तर काउंटरवरून भलत्याच विषयाचं पान पुढे आलं. वर ऐकवलं, "नंबर तर तुम्हीच दिला ना भाऊ!" दिला, पण कोणत्या आवृत्तीचा? एवढं विचारलं की समोरचा वैतागतो.

भानगड अशी आहे. संपादक फुआद अब्दुल बाकी यांच्या मोजणीत सहीह मुस्लिममध्ये 3033 हदीस भरतात, कारण एकाच मजकुराच्या निरनिराळ्या सनदी, म्हणजे सांगणाऱ्यांच्या साखळ्या, एकाच आकड्याखाली येतात. काही आवृत्त्या प्रत्येक सनदीला वेगळा आकडा देतात, मग मोजणी सात हजारांपार जाते. म्हणून किताब (प्रकरण), बाब (पोटप्रकरण) आणि ऐकून सांगणारा सहाबी (पैगंबरांचा सोबती), हे तिन्ही लिहून न्या.

आता धान्याच्या ढिगाची हदीस घ्या. अबू हुरैरा सांगतात: पैगंबरांनी बाजारातल्या ढिगात हात घातला, बोटं ओली झाली. विक्रेता म्हणाला, पाऊस लागला. पैगंबर म्हणाले, मग ओलं वर का नाही ठेवलंस, लोकांना दिसलं असतं; फसवेल तो माझा नव्हे. व्यापाराचा विषय, म्हणून काउंटरवाले किताबुल बुयूच (खरेदी-विक्रीचं प्रकरण) चाळत बसले. अहो, मुस्लिममध्ये ती किताबुल ईमानमध्ये (श्रद्धेच्या प्रकरणात) आहे, अब्दुल बाकींच्या क्रमाने 102! तिरमिजी या दुसऱ्या हदीससंग्रहात मात्र बुयूमध्येच, 1315. ही जागा कळली की बोधही धारदार होतो: मालातली लबाडी थेट ईमानाच्या प्रकरणात येऊन बसते. आणि बघा, भिजलेलं धान्य फेकून दे असं त्याला कुणी म्हटलं नाही. दोष लपवण्यावर बोट ठेवलं. नागपूरच्या कळमना बाजारात वर टवटवीत, खाली दबलेली संत्री रचणाऱ्यालाही हे लागू पडतं.

हो, मुस्लिममधल्या पोटप्रकरणांची शीर्षकं मात्र इमाम मुस्लिम यांची नव्हेत; प्रचलित शीर्षकं भाष्यकार इमाम नववी यांची (मृत्यू 1277). त्यांवरून मुस्लिम यांचं मत काढत बसू नका.

बुखारी या हदीससंग्रहात एकाच हदीसला अनेक आकडे दिसले तर दचकू नका. 'कर्मं नीयतवर', म्हणजे हेतूवर, ही पहिलीच हदीस 54 आणि 2529 वर पुन्हा भेटते. तिरमिजी वाचताना हदीसखालचा शेरा सोडू नका, हसन (चांगली) की सहीह (अस्सल) ते तिथेच असतं.

आणि 'ज्ञानासाठी चीनला जा' याच्या पुढे कुणी इब्न माजा या हदीससंग्रहाचा 224 आकडा लावला, तर पान उघडायला लावा. ज्ञान मिळवणं प्रत्येक मुस्लिमावर फर्ज (कर्तव्य) आहे, असं तिथे आहे, चीन नाही.